ते वेई यांना चिनी अ‍ॅनिमेशनचे प्रवर्तक म्हणताना नेमके कोणते श्रेय त्यांचे?

शाईचा_थेंब

नमस्कार. मी माध्यमिक शाळेत चित्रकला शिकवते. आमच्या गावच्या चित्रपट मंडळाने पुढच्या महिन्यात लघुपटांची एक संध्याकाळ ठरवली आहे आणि तिच्यात चिनी दिग्दर्शक ते वेई यांची ओळख करून देण्याचे काम माझ्याकडे आले आहे. त्यांचे तीन लघुपट दाखवायचे आहेत: १९५६ चा ‘गर्विष्ठ सेनापती’, १९६० चा ‘बेडूकमासे आईच्या शोधात’ आणि १९६३ चा ‘गुराख्याची बासरी’. नावांची ही मराठी रूपे मीच केली आहेत. कोणाला अधिक चांगली सुचली तर अवश्य सांगावीत.

तिन्ही लघुपट मी पाहिले. दुसरा तर इतक्यांदा पाहिला, की त्यातल्या कोळंबीच्या मिशा कोणत्या क्षणी हलतात हे आता पाठ झाले आहे. वर्गात मुलांना ओल्या कागदावर शाई सोडायला लावली, की ती कुठे आणि किती पसरेल हे कोणालाही आधी सांगता येत नाही, आणि तोच थेंब दुसऱ्या कागदावर हुबेहूब उमटवणे इतक्या वर्षांच्या सवयीनंतर मलाही जमत नाही. इथे तर शाईच्या ठिपक्यांचा अख्खा घोळका पोहतो, थबकतो, वळतो, आणि एकाही ठिपक्याची कड थरथरत नाही. हे हाताने कसे साधले असेल, हे मला समजून घ्यायचे आहे, कारण श्रोत्यांत माझे विद्यार्थी असतील आणि ते पहिला प्रश्न हाच विचारतील.

दुसरी अडचण श्रेयाची आहे. कुठे चिनी अ‍ॅनिमेशनचे जनक म्हणून वान बंधूंचे नाव वाचायला मिळते, तर कुठे ते वेई यांचे. वान बंधूंनी सुरुवात कितीतरी आधी केली होती, तर मग ते वेई यांना प्रवर्तक का म्हणतात? आणि शाईच्या अ‍ॅनिमेशनचा शोध त्यांचा स्वतःचा, की त्यांच्या हाताखालच्या माणसांचा? ओळख करून देताना एका माणसाच्या पदरात सगळ्यांचे काम टाकले जाऊ नये, अशी माझी इच्छा आहे. जाणकारांनी सविस्तर लिहिले तर उपकार होतील.

पूर्वरंग

ताई, ‘जनक’ आणि ‘प्रवर्तक’ हे दोन शब्द वेगळे ठेवले तर बराच गुंता सुटतो.

चीनमध्ये पडद्यावर चित्र हलवून दाखवण्याची सुरुवात वान बंधूंनी केली. वान लायमिंग आणि वान गुछान हे जुळे भाऊ १९०० साली नानजिंगमध्ये जन्मले. १९२० च्या दशकात त्यांनी धाकट्या भावांना बरोबर घेऊन शांघायमध्ये छोटे प्रयोग केले आणि १९४१ साली, युद्धाच्या धुमश्चक्रीत, ‘लोखंडी पंख्याची राजकन्या’ हा आशियातला पहिला पूर्ण लांबीचा अ‍ॅनिमेशनपट उभा केला. तो जपानमध्येही दाखवला गेला आणि त्याच्या प्रेक्षकांत पुढे जपानी चित्रकथा आणि अ‍ॅनिमेशनचे महारथी ठरलेले, तेव्हा कुमारवयातले ओसामू तेझुका होते, एवढे सांगितले तरी त्याचे महत्त्व श्रोत्यांच्या ध्यानात येईल.

ते वेई त्या वेळी अ‍ॅनिमेशनच्या वाटेलाही गेलेले नव्हते. त्यांचा जन्म २२ ऑगस्ट १९१५ रोजी शांघायमध्ये झाला. मूळ नाव शंग सोंग. ‘ते वेई’ हे व्यंगचित्रांखाली सही करायचे टोपणनाव, आणि पुढे तेच कायम झाले. घरची परिस्थिती बेताची होती आणि चित्रकला ते बव्हंशी स्वतःच शिकले. १९३० च्या दशकातले शांघाय म्हणजे व्यंगचित्रांच्या नियतकालिकांचे शहर होते आणि तिथेच त्यांचा हात घडला. १९३७ मध्ये जपानशी युद्ध पेटल्यावर ये छियानयू यांच्या नेतृत्वाखाली व्यंगचित्रकारांचे एक प्रचारपथक निघाले आणि ते वेई त्यात सामील झाले. हे पथक गावोगाव हिंडत असे, मोठमोठ्या कापडांवर चित्रे रंगवून ती लोकांसमोर मांडत असे. ज्यांना अक्षरओळख नाही अशा माणसालाही दुरून, उभ्या उभ्या कळले पाहिजे, या अटीवर चित्र काढण्याचा हा अनुभव त्यांच्या पुढच्या कामाच्या मुळाशी आहे, असे मला वाटते. त्यांच्या लघुपटांत संवाद इतके कमी का, आणि तरी ते तीन वर्षांच्या मुलालाही का समजतात, याचे उत्तर मी तिथे शोधतो.

१९४९ मध्ये त्यांना ईशान्येकडच्या छांगछुन शहरातल्या चित्रपट स्टुडिओत अ‍ॅनिमेशन विभाग चालवायला पाठवण्यात आले. जपानी अमलातल्या मांचुकुओची चित्रपटसंस्था जिथे होती, तिथेच हा नवा स्टुडिओ उभा राहिला होता. मोचिनागा तादाहितो नावाचे जपानी अ‍ॅनिमेटर युद्ध संपल्यावरही तिथेच राहिले होते, फांग मिंग या चिनी नावाने काम करत होते आणि चिनी तरुणांना हे तंत्र शिकवत होते. ते वेई यांना माणसे सांभाळता येत होती, चित्र कळत होते, पण अ‍ॅनिमेशनचे तंत्र त्यांनाही शिकावे लागले. ज्यांच्या देशाविरुद्ध त्यांनी ऐन तारुण्यात कापडे रंगवली, त्याच देशातल्या एका कारागिराबरोबर त्यांनी नव्या चीनच्या अ‍ॅनिमेशनचा पाया घातला, ही गोष्ट ओळख करून देताना वगळू नये, अशी माझी विनंती आहे. १९५० मध्ये हा वीसेक माणसांचा विभाग शांघायला हलला. मोचिनागा १९५३ मध्ये मायदेशी परतले आणि पुढे जपानमधल्या बाहुलीपटांचे अग्रणी ठरले.

शांघायमध्ये विभाग वाढत गेला. वान बंधू त्यात आले, बाहुलीपटांचे दिग्दर्शक जिन शी आले, चित्रकला महाविद्यालयांतून तरुण मुले-मुली आल्या, आणि १९५७ मध्ये त्याचा स्वतंत्र स्टुडिओ झाला, त्याचे प्रमुख ते वेई. १९८४ पर्यंत, मधला सांस्कृतिक क्रांतीचा काळा कालखंड वगळता, ही धुरा त्यांच्याकडेच होती. वान लायमिंग यांनी साठी ओलांडल्यावर ‘स्वर्गातला गोंधळ’ हा माकडराजाचा भव्य चित्रपट १९६१ आणि १९६४ अशा दोन भागांत पूर्ण केला, तो याच छताखाली. जनक वान असतील. पण वान यांच्यासह सगळ्यांना काम करता येईल असे घर ज्यांनी बांधले आणि त्या घराची चाल ज्यांनी ठरवली ते ते वेई होत, म्हणून मी त्यांना प्रवर्तक म्हणतो.

ही चाल कोणती, हे तुमच्या पहिल्याच लघुपटात दिसते. ‘गर्विष्ठ सेनापती’ ते वेई आणि ली खअरुओ यांनी मिळून केला. कथा व्यंगचित्रकार ह्वा जुनवू यांची. लढाई जिंकून आलेला सेनापती मेजवान्यांत रमतो, भाल्याला गंज चढतो, धनुष्य ओढवत नाही, आणि शत्रू दाराशी आल्यावर त्याची तारांबळ उडते. आपल्याकडे तहान लागल्यावर विहीर खणणे म्हणतात, तशीच चिनी भाषेत ऐन लढाईच्या तोंडावर भाला परजण्याची म्हण आहे, तिच्यावर हे बेतलेले आहे. सेनापतीचा चेहरा पेकिंग ऑपेरातल्या रंगवलेल्या मुखवट्यासारखा आहे, त्याच्या खुशमस्कऱ्याच्या नाकावर विदूषकाचा पांढरा पट्टा आहे, आणि दोघांची चाल रंगमंचावरच्या ठेक्याची आहे. शेवटी वेढा पडतो तेव्हा वाजते ती ‘दहा दिशांनी घेराव’ ही पिपा या तंतुवाद्यावरची जुनी, प्रसिद्ध रचना. चिनी प्रेक्षकाला ते सूर ऐकताच पुढे काय होणार हे कळते. प्रेक्षकांना हा संदर्भ आधी सांगितलात तर तो प्रसंग दुप्पट रंगेल.

सेलवरचे_हात

पूर्वरंग यांनी इतिहास उत्तम मांडला आहे. मी तंत्राबद्दल लिहितो, कारण संगणक येण्यापूर्वी मुंबईतल्या एका स्टुडिओत मी काही वर्षे सेलवर रंग भरण्याचे काम केले आहे आणि ताईंनी विचारलेला प्रश्न मला तेव्हापासून पडलेला होता.

सेल म्हणजे पारदर्शक प्लास्टिकचा पातळ ताव. त्याच्या पुढच्या बाजूला आकृतीची रेघ येते आणि मागच्या बाजूने रेघेच्या आत जाड, अपारदर्शक रंग भरला जातो. रंग सपाट बसला पाहिजे. त्यात कुठे पातळ डाग राहिला तर तो पडद्यावर लुकलुकतो आणि ते काम परत येते. म्हणजे या पद्धतीचा सगळा आधार ठाम रेघ आणि सपाट रंग यांच्यावर आहे. चिनी शाईच्या चित्रात नेमक्या याच दोन गोष्टी नसतात. तिथे रेघेने आकृती बंदिस्त होत नाही. कुंचला पाण्याने भरलेला, टोकाला गडद शाई, आणि एका फटकाऱ्यात गडदापासून धूसरापर्यंतच्या सगळ्या छटा कागदात मुरत जातात. कागदावर अशी हजारो चित्रे एकेक करून काढली आणि त्यांचे छायाचित्रण केले, तर प्रत्येक चित्रातली शाई निराळी पसरलेली असल्यामुळे पडद्यावर आकृती उकळत्या दुधासारखी खळबळत राहील.

शांघायच्या मंडळींनी काढलेला मार्ग असा होता. एका बेडकाचे चित्र त्यांनी छटांमध्ये फोडले. सर्वांत गडद भागाचा आकार एका सेलवर, त्याहून फिकट करड्याचा दुसऱ्या सेलवर, आणखी फिकट तिसऱ्यावर, डोळे आणि बारकावे वेगळ्या सेलवर. यातल्या प्रत्येक सेलवरचा रंग साध्या कार्टूनसारखाच सपाट आणि कोरडा असतो, म्हणून तो चित्रागणिक थरथरत नाही. मग हे थर एकाच फिल्मवर एकामागून एक, फिल्म पुन्हा मागे नेऊन, वेगवेगळ्या प्रमाणात प्रकाश देऊन टिपले जातात आणि टिपताना कडा मऊ केल्या जातात. एकावर एक बसलेल्या या मऊ करड्यांमधून डोळ्याला ओल्या शाईचा भास होतो. सेलवर पाण्याचा थेंबही नसतो. शाईचे पसरणे घडते ते कॅमेऱ्यात. त्यामुळे ताई, तुमच्या विद्यार्थ्यांना सांगा की चित्रकारांच्या इतकेच हे छायाचित्रणकाराचे काम आहे, आणि त्या छायाचित्रणकार दुआन श्याओश्वान या एक महिला होत्या. या पद्धतीचे तपशील पुढे कितीतरी वर्षे सरकारी गुपित म्हणून जपले गेले.

यातला धोका ज्याने रॉस्ट्रम कॅमेरा, म्हणजे सपाट मांडलेल्या चित्रांवर वरून रोखलेला कॅमेरा, पाहिला आहे त्यालाच पुरता कळेल. एका प्रसंगासाठी फिल्म चारदा मागे नेऊन चारदा टिपायची असेल आणि चौथ्या वेळी एकच सेल चुकीच्या खुंटीवर बसला, तर आधीच्या तिन्ही वेळची मेहनत त्याच्याबरोबर वाया जाते. नुसता हिशेब करून पाहा. पंधरा मिनिटांच्या लघुपटाला सेकंदाला बारा चित्रे धरली तरी १०,८०० चित्रे होतात, आणि पडद्यावर एकच आकृती आहे असे मानून प्रत्येक चित्र चार थरांत फोडले तर ४३,२०० सेल. बेडूकमाशांचा तर घोळका आहे.

आता चित्राबद्दल थोडे. या लघुपटातले प्राणी छी बाइशी यांच्या चित्रांतून आलेले आहेत. हे थोर चित्रकार १९५७ मध्ये वारले होते, म्हणजे लघुपट करताना त्यांची चित्रे हाच गुरू होता. १९५१ मध्ये लेखक लाव श यांनी त्यांना एक जुनी काव्यपंक्ती चित्रित करायला दिली होती: डोंगरातल्या झऱ्यावरून दहा कोसांवर बेडकांचा आवाज येतो, अशा अर्थाची. छी बाइशी यांनी बेडूक काढलाच नाही. दोन काळ्या कड्यांमधून वाहत येणारे पाणी आणि त्यात सहा बेडूकमासे, एवढेच चित्र. बेडूक आणि त्यांचा आवाज पाहणाऱ्याने वरच्या अंगाला, चित्राबाहेर कल्पायचा. मला हा लघुपट त्या चित्राचा पुढचा भाग वाटतो, कारण चित्रात न दिसलेल्या आईलाच ही पिल्ले शोधत निघतात, आणि वाटेत कोळंबी, सोनमासा, खेकडा, कासव अशा ज्याच्या त्याच्या अंगावर आईची एखादी खूण दिसते त्याला आई समजतात. पाणी या लघुपटात जवळजवळ कुठेच रंगवलेले नाही. कागद कोरा आहे आणि पिल्लांच्या शेपटीच्या हालचालीवरून आपण त्याला पाणी मानतो.

वर्गासाठी एक सुचवतो. तीन ट्रेसिंग कागदांवर एकाच बेडकाचे लहान होत जाणारे तीन आकार सपाट करड्या रंगात भरायला सांगा आणि ते कागद एकावर एक ठेवून खिडकीच्या काचेला लावा. तंत्राचा गाभा मुलांना अर्ध्या तासात डोळ्यांनी दिसेल.

अनुलेख

श्रेयाच्या प्रश्नावर थोडी भर घालतो, आणि एका नेहमीच्या कथेबद्दल सावध करतो.

शाईच्या अ‍ॅनिमेशनची कल्पना कोणाची, याचे उत्तर एका नावात देता येत नाही. १९६० च्या जानेवारीत बीजिंगमध्ये या स्टुडिओच्या कामाचे प्रदर्शन भरले होते. उपपंतप्रधान छन यी तिथे आले आणि छी बाइशी यांची चित्रे हलवून दाखवता आली तर किती बरे होईल, अशा अर्थाचे बोलले. स्टुडिओत परतल्यावर छोटा प्रयोगगट बसवला गेला. त्यात तरुण चित्रकार शू जिंगदा होते, जे पुढे आ दा या नावाने जगभर ओळखले गेले, अ‍ॅनिमेटर ल्यू जिन होत्या, आणि वर उल्लेख आलेल्या दुआन श्याओश्वान. अनुभवी दिग्दर्शक छियान जियाजुन यांनी तांत्रिक मार्गदर्शन केले. लघुपटाच्या दिग्दर्शनात ते वेई यांच्या जोडीने छियान जियाजुन आणि तांग छंग यांची नावे घेतली जातात, आणि ते वेई यांचा मुख्य वाटा कलामार्गदर्शनाचा होता. तेव्हा ‘ते वेई यांनी शाईचे अ‍ॅनिमेशन शोधून काढले’ असे वाक्य कृपया म्हणू नये. त्यांनी ते काम अंगावर घेतले, ते होऊ शकेल की नाही हे ठाऊक नसताना त्यासाठी माणसे आणि वेळ मोकळा केला, आणि निघालेल्या चित्राला छी बाइशींच्या दर्जापर्यंत ओढून नेले. स्टुडिओप्रमुखाने याहून मोठे काय करावे, असे मला प्रामाणिकपणे वाटते.

आता ती कथा. छियान जियाजुन आणि ली खअरुओ यांच्या ‘कावळा काळा का’ या रंगीत लघुपटाला १९५६ मध्ये व्हेनिसच्या बालचित्रपट महोत्सवात पारितोषिक मिळाले, परीक्षकांनी तो सोव्हिएत लघुपट समजला, त्यामुळे शांघायची मंडळी खजील झाली आणि त्या धक्क्यातून राष्ट्रीय शैलीचा शोध सुरू झाला, असे सर्रास सांगितले जाते. कथा सांगायला सोपी आहे म्हणून ती फार पसरली आहे. पण कालक्रम पाहा. ‘गर्विष्ठ सेनापती’ त्याच १९५६ सालचा आहे, आणि वीस मिनिटांहून मोठा, इतक्या बारकाईने आखलेला लघुपट पारितोषिकाची बातमी आल्यावर सुरू करून त्याच वर्षी संपवता येत नाही. शिवाय त्याच महोत्सवात जिन शी आणि यू लेई यांच्या ‘जादूचा कुंचला’ या बाहुलीपटालाही पारितोषिक मिळाले होते, आणि तो पोशाखापासून कथेपर्यंत अस्सल चिनी होता. म्हणजे शोध आधीच सुरू झालेला होता. सोव्हिएत स्टुडिओंचा प्रभाव तेव्हा मोठा होता आणि तो जाणवत होता, हे खरेच. पण एका महोत्सवातल्या गैरसमजाने ते वेई यांना जागे केले असे म्हटले, की त्यांची स्वतःची विचारपूर्वक घेतलेली भूमिका झाकली जाते.

शाईचा_थेंब

सर्वांची मनापासून आभारी आहे. काच आणि ट्रेसिंग कागदाचा प्रयोग कालच सातवीच्या वर्गात केला. दोन मुलांनी चौथा थर घालून बेडकाच्या पाठीवर ओलाव्याची चमक आणली, आणि तास संपल्याची घंटा झाली तरी कोणी खिडकीपासून हलेना.

अनुलेख, व्हेनिसची कथा माझ्या टिपणात पहिल्याच परिच्छेदात होती, ती काढली. आता एवढेच विचारते, की ‘गुराख्याची बासरी’ १९६३ चा आणि त्यानंतरचे त्यांचे नाव मला थेट १९८० च्या दशकात सापडते. मधल्या वीस वर्षांत काय झाले? आणि आमच्या कार्यक्रमात आणखी एक लघुपट बसू शकतो, तो कोणता घ्यावा?

पूर्वरंग

‘गुराख्याची बासरी’ ते वेई आणि छियान जियाजुन यांचा. या वेळी आधार घेतला तो ली खअरान यांच्या चित्रांचा. हे चित्रकार हयात होते, म्हशी आणि गुराखी हा त्यांचा आवडता विषय होता, आणि लघुपटासाठी त्यांनी मुद्दाम चित्रे काढून दिली. गुराखी मुलगा झाडावर झोपी जातो, स्वप्नात त्याची म्हैस हरवते, ती धबधब्याच्या नादात गुंगलेली सापडते आणि काही केल्या परत यायला तयार होत नाही. मग मुलगा बांबू तोडून त्याची बासरी करतो. निसर्गाच्या आवाजापेक्षा गोड सूर काढता आला तरच म्हैस परतणार, एवढी साधी आणि एवढी अवघड अट. माझ्या मते त्यांच्या सगळ्या कामात हा लघुपट सर्वांत उंच आहे, ‘बेडूकमासे’हूनही, कारण तिथे तंत्र नवे असल्याचा आनंद प्रत्येक चौकटीत जाणवतो आणि इथे तंत्राची आठवणही राहत नाही.

पण वेळ वाईट होती. ‘बेडूकमासे’ला १९६१ मध्ये लोकार्नोच्या महोत्सवात पारितोषिक मिळाले होते, कादंबरीकार माव दुन यांनी त्यावर कविता लिहिली होती. १९६३-६४ मध्ये वारे फिरले. कलाकृतीत वर्गसंघर्ष दिसला पाहिजे, असा आग्रह धरला जाऊ लागला, आणि म्हशीवर बसून बासरी वाजवणाऱ्या मुलात तो कुठून दाखवणार? लघुपट बाजूला पडला. त्याला ओदेन्सच्या परीकथा-चित्रपट महोत्सवात सुवर्ण पारितोषिक मिळाले ते १९७९ मध्ये, म्हणजे सोळा वर्षांनी.

१९६६ मध्ये माओंनी पुकारलेली सांस्कृतिक क्रांती सुरू झाली आणि स्टुडिओचे काम थांबले. प्रमुख म्हणून ते वेई यांच्यावर पहिला घाव आला. त्यांना सुमारे वर्षभर एकट्याला कोंडून ठेवले होते. खोलीतल्या टेबलावर काच होती. तिच्यावर ते चित्रे काढत आणि पहारेकऱ्याची चाहूल लागली की पुसून टाकत. नंतर त्यांना खेड्यात श्रमाला पाठवले गेले. पन्नाशीतली ती वर्षे, जेव्हा अशा माणसाच्या हातून सर्वांत पक्व काम व्हायचे, ती अशी गेली. ताई, तुम्ही विचारलेल्या वीस वर्षांचे उत्तर हे आहे, आणि ओळख करून देताना ते घाईने उरकू नये असे मला वाटते. त्या काचेवरच्या चित्रांपैकी एकही शिल्लक नाही.

पुनर्वसन झाल्यावर त्यांनी पुन्हा स्टुडिओ सांभाळला. या दुसऱ्या पर्वात त्यांनी स्वतः थोडे आणि इतरांकडून पुष्कळ करून घेतले. ‘नेझा’ हा १९७९ चा मोठा चित्रपट, आ दा यांचा ‘तीन भिक्षू’, ज्याला १९८२ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात ‘रौप्य अस्वल’ हे पारितोषिक मिळाले, हू जिनछिंग यांचा कागदकामातून केलेला ‘पाणपक्षी आणि शिंपला’ हे सगळे याच काळातले. १९८५ मध्ये यान दिंगश्यान आणि लिन वनश्याव यांच्याबरोबर त्यांनी माकडराजाच्या कथेतल्या अस्थिपिशाच्चाच्या प्रसंगावर पूर्ण लांबीचा चित्रपट केला. तो चांगला आहे, पण तुमच्या संध्याकाळीसाठी फार मोठा होईल.

तुम्ही घ्यावा तो १९८८ चा लघुपट. त्याच्या चिनी नावाचा अर्थ ‘पर्वत आणि पाणी यांची माया’ असा काहीसा होतो. ते वेई तेव्हा ७३ वर्षांचे होते. यान शानछुन आणि मा खअश्वान हे त्यांचे सहदिग्दर्शक. गूछिन हे प्राचीन तंतुवाद्य वाजवणारा म्हातारा प्रवासात आजारी पडतो, नावाड्याचे एक पोर त्याला आपल्या झोपडीत आसरा देते, तो त्या पोराला वादन शिकवतो, आणि ऋतू बदलल्यावर आपले वाद्य त्याच्या हाती देऊन पर्वतात निघून जातो. त्यात एकही शब्द नाही. तो त्याच वर्षी शांघायच्या पहिल्या आंतरराष्ट्रीय अ‍ॅनिमेशन महोत्सवात सर्वोच्च पारितोषिकाचा मानकरी ठरला.

त्यानंतर त्या स्टुडिओत असा लघुपट होणे अवघड होत गेले. जुन्या व्यवस्थेत सरकारी वितरण कंपनी प्रत्येक मिनिटाला ठरलेल्या भावाने काम विकत घेत असे, त्यामुळे पंधरा मिनिटांसाठी वर्ष घालवणे परवडत होते. बाजार खुला झाल्यावर ते गणित मोडले, आणि परदेशी मालिकांचे काम करणाऱ्या दक्षिणेतल्या स्टुडिओंनी कितीतरी पटींनी जास्त पगार देऊन तरुण हात ओढून नेले. ते वेई यांना १९९५ मध्ये आंतरराष्ट्रीय अ‍ॅनिमेशन संघटनेने, म्हणजे आसिफाने, जीवनगौरव दिला. ४ फेब्रुवारी २०१० रोजी, वयाच्या ९४ व्या वर्षी, ते शांघायमध्ये वारले.

सेलवरचे_हात

चौथा लघुपट हाच घ्यावा, याला माझा पूर्ण दुजोरा आहे, आणि त्यात काय पाहावे तेही सांगतो. काही ठिकाणी चित्रकार कॅमेऱ्यासमोरच, कागदावर, खऱ्या ओल्या शाईने पर्वत रंगवतात आणि शाई मुरतानाच टिपली जाते. १९६० मध्ये जो थेंब आवरता येत नाही म्हणून कोरड्या थरांत फोडावा लागला, तो इथे मोकळा सोडलेला आहे. ‘बेडूकमासे’ आधी आणि हा शेवटी, असा क्रम ठेवलात तर तुमच्या विद्यार्थ्यांना हा फरक आपोआप दिसेल.

एक व्यावहारिक सूचना. गूछिनचा आवाज मुळातच लहान असतो आणि या लघुपटात तारेवर बोट घसरल्याचा नादही मुद्दाम ठेवलेला आहे. सभागृहात पंखे चालू असतील तर त्या वीस मिनिटांपुरते बंद करायला सांगावेत.

शाईचा_थेंब

क्रम तसाच ठेवते. सभागृहाच्या व्यवस्थापकांशी पंख्यांबद्दल बोलले. ते हो म्हणाले. आणि ओळखीच्या टिपणात आता ते वेई यांच्याबरोबर छियान जियाजुन, तांग छंग, आ दा, ल्यू जिन, दुआन श्याओश्वान आणि मोचिनागा ही नावेही आली आहेत.